बारकूबायचे हात

दिवाळी अंकाचे संपादक फोनवर म्हणाले, "शैलाताई, सिनेमातल्या गमतीजमती लिहा. नटनट्या, पडद्यामागचं असं काहीतरी. वाचकांना आवडतं." मी म्हटलं, नटनट्यांचं त्यांनाच विचारा, मी कॅमेऱ्यामागची बाई. माझ्याकडे सांगण्यासारखी एकच गोष्ट आहे, आणि ती हेव्याची आहे. ते जरा थांबले नि म्हणाले, "चालेल, पण हलकंफुलकं असू द्या." हेवा हलकाफुलका कसा लिहितात ते मला येत नाही. जमेल तसं लिहिते.

तुम्ही सिनेमा बघता तेव्हा पुढे काय होणार ते बघता. मी भिंतीवरची सावली बघते. सावली नेमकी पडली असली की माझा पिक्चर तिथेच थांबतो. हे मला का नाही सुचलं? कॅमेरा कुणाचा, त्याला कसं सुचलं? मध्यंतरात मी तोंड पाडून बसलेली असते. आमचे हे समोसा खात विचारतात, "काय गं, पिक्चर बघायला आलीस की पंचनाम्याला?"

मी कुठल्या शाळेत हे शिकले नाही. मूळची फलटणकडची, लग्न होऊन कोपरखैरण्याला आले. हे तुर्भ्याला कारखान्यात. दिरांचा फोटो आणि व्हिडिओ शूटिंगचा गाळा आमच्या बिल्डिंगच्या खालीच होता. हळदीला बायकांच्या खोलीत पुरुष कॅमेरावाला नको म्हणायचे, म्हणून एकदा दिरांनी कॅमेरा माझ्या हातात दिला. "वहिनी, हे लाल बटण दाबायचं आणि हलायचं नाही." मी दाबलं. पुढची तीसेक वर्षं तेच करत आले, फक्त हलायला शिकले.

लग्नाच्या शूटिंगमध्ये गिऱ्हाईक कळतं. एक वरमाय कॅसेट घेऊन परत आल्या. म्हणाल्या, "बदलून द्या." मी म्हटलं, बिघडलीय का? तर म्हणाल्या, "माझ्या जावेचं तोंड चौदा वेळा आलंय आणि माझं नऊ. लग्न माझ्या मुलाचं का तिच्या?" मोजायला त्या सबंध दिवस टीव्हीपुढे बसल्या होत्या. मी आणि दीर त्या गेल्यावर गाळ्याचं शटर अर्धं ओढून हसलो होतो. पुढे मीही तसलीच मोजदाद करत बसणार आहे हे तेव्हा ठाऊक नव्हतं.

लग्नांतून मी माहितीपटांत आले ते अंजलीमुळे. अंजली दिग्दर्शक. जासईला कंटेनर यार्डांच्या कडेला राहणाऱ्या, जमिनी गेलेल्या बायकांवर ती फिल्म करत होती, आणि त्या बायका पुरुषांसमोर मोकळ्या बोलत नव्हत्या. कुणीतरी माझं नाव सांगितलं. त्या कामापासून आम्ही दोघी जोडीनंच. माहितीपट, मग दोन-तीन छोटे कथापट, पुन्हा माहितीपट. लोक विचारतात, सिनेमॅटोग्राफर म्हणजे कॅमेरा धरणारी ना? अहो, कॅमेरा कुणीही धरतं. उजेड कुठून येऊ द्यायचा नि कुठून नाही, चौकटीत काय घ्यायचं नि काय बाहेर ठेवायचं, ते ठरवायचं काम आमचं. आणि फोकस. फोकस म्हणजे प्रेक्षकाची हनुवटी धरून "इकडे बघ" म्हणणं. कथापटात हे नऊ वेळा करता येतं. माहितीपटात माणूस एकदा रडतो, एकदा हसतो, आणि त्या वेळी तुम्ही तयार नसलात तर गेलं.

अंजली मला कितीतरी वर्षं म्हणायची, "ताई, माझा मोठा चित्रपट होईल ना, त्याचा कॅमेरा तुझाच." खाडीकाठच्या गावातली गोष्ट तिच्या डोक्यात होती. गोष्ट मला पाठ होती. त्यातल्या प्रत्येक प्रसंगाचा उजेडसुद्धा मी मनात ठरवून ठेवला होता. माझी साठी उलटली तरी मी गुडघ्याला तेल चोळून तयार होते.

आणि मग ऋता आली.

ऋता फिल्मच्या संस्थेत शिकलेली, तिशीची. अंजलीनं करावे गावच्या खाडीवर माहितीपट घ्यायचं ठरवलं तेव्हा मुख्य कॅमेरा तिला दिला आणि दुसरा मला. "ताई, चिखलात उतरायचंय. तुझ्या गुडघ्यांचा विचार केला," अंजली म्हणाली. मी म्हटलं, "बरं केलंस." घरी येऊन भांडी अशी आपटली की वरच्या मजल्यावरच्या काकू विचारायला आल्या.

पहिल्याच दिवशी एका स्वयंपाकघरात शूटिंग होतं. मी सवयीनं दोन दिवे घेऊन गेले. लग्नात शिकलेली मी, मला उजेड वाढवणं माहीत. "बाई, माणसं काळी दिसायला नकोत," हे आयुष्यभर ऐकलेलं. ऋतानं माझे दिवे पिशवीतच ठेवले. खिडकी चादरीनं अर्धी झाकली, मागे काळं कापड लावलं, बस्स. होता तो उजेड तिनं कमी केला. आणि तांदूळ निवडणाऱ्या त्या बाईचा चेहरा असा वर आला की मी तिला पहिल्यांदा बघितलं असं वाटलं. खरं तर आधी तासभर मी तिच्याशीच गप्पा मारत बसले होते.

घरी आल्यावर मी आमच्या स्वयंपाकघराची खिडकी चादरीनं अर्धी झाकली आणि ह्यांना पाटावर बसवलं.

"काय झालं? कर्फ्यू लागलाय का?"

"गप बसा. तिकडे बघा. मान खाली."

बराच वेळ खटपट केली. ह्यांचा चेहरा ह्यांचाच राहिला.

बरं, ऋता उद्धट असती तर सोपं होतं. ती माझ्या डब्यातली मेथीची भाजी मागून खायची. "ताई, फोकसला तुमचा हात म्हणजे कमाल आहे, मला मशीन लागतं," असं सगळ्यांदेखत म्हणायची. मला वाटायचं, ही मला म्हातारीला शाबासकी देते. चांगल्या माणसाचा हेवा वाटणं फार वाईट. बोट ठेवायला जागा सापडत नाही.

त्या फिल्मचा जीव होता बारकूबाय. करावे गावातली ऐंशीच्या पुढची बाई. ओहोटीला चिखलात उतरून हातानं निवट्या धरणारी गावातली शेवटची. निवटी म्हणजे चिखलातला बोटभर, बुळबुळीत, डोळे वर असलेला मासा. तो बिळात राहतो. जाळं नाही, गळ नाही, नुसता हात घालून त्याला काढायचा. हे बारकूबाय कसं करते ते तिच्या सुनांनाही येत नव्हतं. त्यांनी शिकूनच घेतलं नाही, त्या सीवूड्सला नोकरीला जातात. अंजलीला फिल्ममध्ये तिचे हात हवे होते. बाकी सगळं त्याच्या भोवतीनं.

महिनाभर बारकूबाय नाहीच म्हणत होती. तिच्या बोलीत खाडीची खारी होते आणि सोडचं सोर. शेवटी एक दिवस म्हणाली, "एकदाच जाईन. गुडगं ऱ्हायलं नाय माजं. परत परत नाचवाचा नाय मना, सांगून ठेवतंय."

"एकदाच, आजी," अंजली म्हणाली.

"आजी कुनाची गो? बारकूबाय बोल."

सकाळची ओहोटी धरून आम्ही गेलो. ऋता कॅमेरा खांद्याला लावून मांडीभर चिखलात, बारकूबायच्या हातापासून दोन-तीन हातांवर. मी बांधावर, ट्रायपॉडवर लांबची लेन्स लावून. माझ्या चौकटीत बारकूबाय मध्ये आणि ऋता तिच्या मागे, एका कडेला. कमरेला वॉकीटॉकी, सगळ्यांशी बोलायला. आवाजवाला वेगळा, त्याचं यंत्र वेगळं.

अंजली म्हणाली, "बारकूबाय, मी 'ॲक्शन' म्हटलं की निघायचं हं."

"कनचा ॲक्शन? पानी थांबतंय काय तुमचे ॲक्शनला?" असं म्हणून ती पायऱ्या उतरून चालायलाच लागली.

इथे जरा थांबून एक सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळणार नाही. कॅमेरा चालू करायचं आणि बंद करायचं बटण एकच असतं. एकदा दाबलं की चालू, पुन्हा दाबलं की बंद. चालू असला की कॅमेऱ्यावर छोटा लाल दिवा लागतो. घाईत बटण एकदा जास्तीचं दाबलं गेलं की सगळं उलटं होतं. तुम्हाला वाटतं चालू, असतो बंद. तुम्ही बंद करता तेव्हा तो चालू होतो. नवशिक्याच्या हातून हे होत नाही, तो दर वेळी दिवा बघतो. हात बसलेल्या माणसाच्या हातून होतं. माझ्याही हातून झालंय. वाशीच्या एका लग्नात मंगलाष्टकं, अंतरपाट, हार, काही नाही. त्याच्याऐवजी चाळीस मिनिटं गालिचा आणि चपला. मुलीचे वडील म्हणाले होते, "बाई, लग्न कुणाचं लागलं, चपलांचं?" मग तीन दिवसांनी नवराबायकोला पुन्हा नटवून हार घालायला लावले. लग्न पुन्हा लावता येतं.

तर बारकूबाय निघाली तशी ऋतानं घाईनं बटण दाबलं. मी लेन्समधून बघितलं, लाल दिवा लागला. मग मागून अंजली ओरडली, "रोल!", म्हणजे कॅमेरा चालू करा, आणि ऋताच्या बोटानं सवयीनं पुन्हा दाबलं.

दिवा गेला.

तिच्या छोट्या पडद्यावर चिखल उडालेला, वर उन्हाची तिरीप. तिला दिसलं नाही. मला दिसलं. मला वाटलं, भास असेल. म्हणून मी फोकस बारकूबायवरून काढून ऋताच्या कॅमेऱ्यावर नेला. दिवा बंदच होता. फोकस परत बारकूबायवर आणला.

वॉकीटॉकीवर माझा अंगठा होता. "ऋता, रोल नाही." तीन शब्द. दोन सेकंदांचं काम.

मी मनाशी म्हटलं, ही बारकूबाय वाकली की सांगते. मग म्हटलं, पहिल्या निवटीला सांगते. मग तिनं पहिली काढली, दुसरी काढली, आणि ती बोलायला लागली. तिची आई तिला कशी शिकवायची, काय शिव्या द्यायची. ऋता अगदी तिच्या हातावर कॅमेरा धरून, श्वास रोखून. काय सुंदर कोन धरला होता तिनं! मला इतक्या लांबून कळत होतं की ही आयुष्यात एकदाच मिळणारी चौकट आहे. तेच मला सोसत नव्हतं. जितकं ते चांगलं होत गेलं तितका माझा अंगठा जड होत गेला.

अकरा मिनिटं. बारकूबाय धापा टाकत वर आली, पायरीवर बसली आणि म्हणाली, "झाला. आता मना कोनी बोलवाचा नाय."

ऋतानं कट म्हणून बटण दाबलं आणि तिचा कॅमेरा चालू झाला. त्यानं पुढे वीस मिनिटं थर्मास, चिखलाचे पाय आणि पिशवीचं आतलं अस्तर टिपलं.

दुपारी हे कळलं तेव्हा ऋता भिंतीला टेकून खाली बसली. रडली नाही. "माझी चूक आहे, अंजली. दिवा बघायला हवा होता." अंजली बांधावर जाऊन खाडीकडे बघत राहिली. परत बारकूबायला विचारायचं कुणाच्या तोंडून निघेना. तिचे पाय त्या दिवशी सुजले ते उतरलेच नाहीत. आवाज वाचला होता. चित्र होतं ते माझं, लांबून घेतलेलं. त्यात बारकूबाय वाकते, उठते, पाणी चमकतं, पण हात चिखलात. हात दिसत नाहीत.

"ताईंमुळे वाचलो," सगळे म्हणाले. मी मान खाली घालून चहा पीत होते. आठवड्यानं अंजलीचा फोन आला. "ताई, चित्रपटाचं ठरतंय. तयारीला लाग." ज्यासाठी जीव टाकला ते आलं, आणि मी "बरं" एवढंच म्हटलं.

दोन दिवसांनी ऋता आमच्या कोपरखैरण्याच्या घरी आली. हे म्हणाले, "ये पोरी, बस. हिच्यासारखी चादर नको हं लावू खिडकीला." ती हसली. हे चहा टाकायला आत गेले. तिनं लॅपटॉप उघडला.

"ताई, दोन्ही कॅमेऱ्यांचं जुळवताना हे दिसलं."

माझंच चित्र होतं. बारकूबाय स्पष्ट, मागे ऋता पुसट. एकदम बारकूबाय पुसट होते आणि ऋताचा कॅमेरा स्पष्ट. लेन्स, बटण, विझलेला दिवा. अगदी सुरेख, न अडखळता. दोन सेकंद. मग परत बारकूबाय.

तिनं ते पुन्हा एकदा लावलं.

"काय फोकस नेलाय, ताई," ती म्हणाली. "आमच्या वर्गात दाखवण्यासारखा."

मी म्हटलं, "हात सरकला असेल."

"तुमचा हात सरकत नाही." ती माझ्याकडे बघत नव्हती. "मी अंजलीला सांगणार नाही. तिनं हा तुकडा बघितलेला नाही, मी तो कापूनच बाकीचं तिला दिलंय. मला एवढंच विचारायचं होतं. पूर्ण वेळ माहीत होतं?"

आतून ह्यांनी विचारलं, साखर किती. आम्ही दोघी एकदमच म्हणालो, "कमी."

मी उठून चहाचे कप आणले. तिनं चहा सगळा प्यायला, कप मोरीत ठेवला, ह्यांना सांगून गेली. मला तिचा तेव्हाही हेवा वाटला. तिच्या जागी मी असते तर गावभर केलं असतं.

फिल्म पुरी झाल्यावर अंजलीनं ती पहिल्यांदा करावे गावातच दाखवली, समाजमंदिरात, संध्याकाळी. बारकूबाय पुढे प्लास्टिकच्या खुर्चीत, पाय स्टुलावर. फिल्म संपली, टाळ्या झाल्या, सुनांनी डोळे पुसले. बारकूबाय तशीच पडद्याकडे बघत बसलेली.

"काय बारकूबाय, आवडली का?" अंजलीनं विचारलं.

"सगला दिसतंय," ती म्हणाली. "खारी दिसली, बगला दिसला, मी दिसली येवरीशी. माजं हात कुठं हाईत गो?"

तिनं दोन्ही हात पुढे करून दाखवले.

"मी येवरी चिखलान उतरली कशाला? गुडगं फोरून घेतलं ते कशाला? हातच नाय."

ऋता पुढे झाली. तिनं तोंड उघडलं, ती काय म्हणणार ते मला माहीत होतं. 'माझी चूक, बारकूबाय.' तिनं तेही केलं असतं. आणि एवढं मोठेपण मला बघवेना. खरं सांगते, त्या क्षणी मला पश्चात्ताप वगैरे झाला नव्हता. तिनं अजून एकदा माझ्याहून मोठं व्हावं हे मला नको होतं, एवढंच.

मी म्हटलं, "माझ्यामुळे नाहीत. हिचा कॅमेरा चुकून बंद होता. मला दिसलं होतं. मी सांगितलं नाही."

अंजली माझ्याकडे वळली. "कधी दिसलं, ताई?"

"पहिल्या मिनिटाला."

बारकूबायनं मला पायापासून डोक्यापर्यंत बघितलं. "का गो? तुजा काय खाल्ला व्हता तिनं?"

"काही नाही."

"मंग?"

"तिचं काम माझ्यापेक्षा चांगलं होत होतं."

मागे एक पोरगी हसली. तिला कुणीतरी गप्प केलं. बारकूबाय मात्र हसली नाही. म्हणाली, "माजी जाव अशीच व्हती. माजी निवटीची टोपली वतायची पान्यान." आणि तिनं तोंड फिरवलं.

चित्रपटाचं विचाराल तर तो ऋतानं केला. अंजली मला काही लागट बोलली नाही, पण त्यानंतर तिनं मला काम दिलं नाही, आणि मी मागितलं नाही. चित्रपट मी वाशीला जाऊन बघितला. मी ठरवलेला एकही उजेड त्यात नव्हता. माझ्याहून चांगले होते. दोन ठिकाणी सोडून. ती दोन ठिकाणं मी ह्यांना दर आठवड्याला सांगते.

पण त्या संध्याकाळचं राहिलं. लोक उठायला लागले होते, खुर्च्या सरकत होत्या, अंजली वायरी गुंडाळत होती. आमचे दोन्ही कॅमेरे पिशवीत, चेन लावून बंद. बारकूबायनं ऋताला बोट करून जवळ बोलावलं आणि खाली बसवलं.

"हात दे. असा नाय, सैल सोर. ह्यो तुजा हात म्हंजे निवटी, समजली?"

तिनं एक पाय स्टुलावरून कसाबसा खाली घेतला आणि टाच जमिनीवर दाबली. "एका भोकान पाय घालाचा. मंग ती दुसऱ्या भोकाशी येतंय. तवा हात घालाचा, हलू हलू. नजर वर. बोटांनी बघाचा."

तिची बोटं ऋताच्या मनगटावरून सरपटत वर गेली. काळी, फुगीर पेरांची, नखं झिजलेली. दोन बोटं वर, अंगठा खाली.

"आवलाचा नाय. आवलला का निसटतंय. नुसता धरून ठेवाचा. तिला वाटला पायजे का सोरलाय."

ऋतानं हात ओढून बघितला. सुटेना. दोघी हसल्या. खिडकीतून बाहेरच्या दिव्याचा उजेड एका बाजूनं नेमका त्या दोन हातांवर पडला होता. कमी नाही, जास्त नाही.

मी तीन हातांवर उभी होते. कॅमेरा काढायचं माझ्या मनातसुद्धा आलं नाही. मी नुसती ऋताच्या मनगटाकडे बघत होते. ते माझं असायला हवं होतं.